जन्माचे बहुमत आणि मताचे बहुमत

(मेहकर येथे शेतकरी व कारागीर मंडळींच्या सभेत झालेले भाषण)



आपण वावरातली, भात्यापुढची, चाकापुढची कामे टाकून येथे आलात. कष्टकऱ्याच्या दिवसाची किंमत मोठी असते. म्हणून मी पाल्हाळ लावणार नाही. लोकशाही म्हणजे काय आणि ती आपल्या गावी आली आहे की नाही, एवढ्या एकाच प्रश्नावर मला बोलावयाचे आहे. त्यासाठी मी डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर यांच्या लिखाणाचा आधार घेणार आहे. बाबासाहेबांची तसबीर आपण पाहतो, जयंतीची मिरवणूक पाहतो. पण त्यांनी राज्यकारभाराच्या शास्त्राविषयी काय लिहून ठेवले, हे आपल्या शेतकरी घरांत फारसे कोणी वाचत नाही. "ते त्यांचे पुढारी, आपल्याला काय करायचे?" असे म्हणणारेही आपल्यांत आहेत. माझे म्हणणे असे की, ते लिखाण वाचण्याची सर्वांत जास्त गरज आज कोणाला असेल, तर ती आपल्यासारख्या कुणबी, माळी, तेली, सुतार, लोहार मंडळींनाच आहे. असे का, ते सांगतो.

प्रथम मताच्या हक्काची हकीकत ऐका. आज अठरा वर्षांचे पोर शाई लावलेले बोट दाखवीत मतदानाच्या खोलीतून बाहेर येते, आणि आपल्याला वाटते की हे असेच चालत आले. तसे नाही. इंग्रजी अमलात १९१९ च्या कायद्याने जे मत मिळाले, ते शंभर माणसांत तिघांच्या आसपास. ज्याचा शेतसारा मोठा, जो घरपट्टी किंवा प्राप्तीवरचा कर भरी, त्याला मत. सालदाराला नाही, कुंभाराला नाही, आणि घरातल्या बाईला तर बहुतकरून नाहीच. १९३५ च्या कायद्याने ही संख्या वाढली, तरी साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानात ती तीन-साडेतीन कोटींच्या घरातच राहिली. म्हणजे ज्याच्याजवळ जमीन त्याच्याजवळ मत, आणि ज्याच्याजवळ मत त्याचेच सरकार.

ह्या काळात सत्तावीस वर्षांचा एक तरुण प्राध्यापक २७ जानेवारी १९१९ रोजी मताधिकाराचा विचार करणाऱ्या साउथबरो कमिटीपुढे साक्ष द्यावयास उभा राहिला. हेच बाबासाहेब. अमेरिकेतील कोलंबिया विद्यापीठात त्यांनी अर्थशास्त्र, समाजशास्त्र व राज्यशास्त्र यांचा अभ्यास केला होता. पुढे १९२८ साली सायमन कमिशन पुण्यास आले तेव्हा, आणि १९२९ च्या आपल्या स्वतंत्र अहवालात, त्यांनी एकवीस वर्षांवरील प्रत्येक स्त्रीपुरुषास मत द्या अशी मागणी केली. "अडाण्यास मत देऊन काय उपयोग?" असे त्या वेळी मोठमोठे शिकलेले लोक विचारीत. बाबासाहेबांच्या उत्तराचा मतलब असा होता की, निरक्षर माणूस म्हणजे बुद्धिहीन माणूस नव्हे. आपले हित कशात आहे हे त्याला कळते; आणि मत देता देता माणूस राज्यकारभार शिकतो. पोहणे आल्याशिवाय पाण्यात उतरू नको असे म्हटले, तर पोहणे येणार कधी?

अखेर घटना झाली, आणि १९५१-५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत सतरा कोटी बत्तीस लाख लोकांची नावे मतदारांच्या यादीत चढली. बहुतेकांना अक्षरओळख नव्हती, म्हणून प्रत्येक उमेदवाराची चिन्ह लावलेली वेगळी पेटी ठेवली. मायबहिणींनो, त्या वेळची एक गोष्ट तुमच्यासाठी सांगतो. देशात सुमारे अठ्ठावीस लाख बायांची नावे यादीतून गाळावी लागली. कारण काय? नाव लिहून घेणारा दारी आला तेव्हा बाईने स्वतःचे नाव सांगितलेच नाही. "अमक्याची बायको", "तमक्याची आई" एवढेच सांगितले. कायद्याने मत दिले होते. घरातल्या रीतीने ते काढून घेतले. ही गोष्ट ध्यानात ठेवा. कागदावरचा हक्क आणि हातातला हक्क ह्यांत किती अंतर असते, ते ह्या एका गोष्टीवरून कळते.

आता मुद्द्याकडे वळतो. मत मिळाले, मग लोकशाही आली का? बाबासाहेबांचे उत्तर स्पष्ट आहे: नुसत्या मताने ती येत नाही. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीपुढे शेवटचे मोठे भाषण करताना त्यांनी सांगितले की, २६ जानेवारी १९५० पासून आपण एका विसंगतीत पाऊल टाकीत आहो. राजकारणात प्रत्येकाच्या मताचे मोल सारखे होईल. पण समाजात आणि पैशाअडक्यात माणसाचे मोल सारखे असणार नाही. ही विसंगती लवकर मिटविली नाही, तर विषमतेने गांजलेले लोक लोकशाहीची ही सारी इमारत उधळून लावतील, असा त्यांनी इशारा दिला. स्वातंत्र्य, समता आणि बंधुता ह्या तीन गोष्टी त्यांनी एकत्र बांधल्या. एक सोडून दुसरी टिकत नाही असे त्यांचे सांगणे. आपण कास्तकार माणसे, आपल्याला हे समजावयास पुस्तक नको. तिफणीला तीन फण असतात. त्यांतली एक नळी तुंबली तर तिफण पुढे चालतच राहते, बैलही चालतात, पेरणाराला वाटते पेरणी झाली. पण उगवण झाल्यावर दिसते की, दर तिसरे तास रिकामे गेले. आपल्या लोकशाहीची गत अशीच झाली आहे. मताची नळी वाहते आहे. बंधुतेची नळी तुंबली आहे.

ती कोठे तुंबली, हे पाहण्यासाठी बाबासाहेबांचा एक विचार मी आज आपल्यापुढे मुख्यत्वे मांडणार आहे. १९४७ साली शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनच्या वतीने त्यांनी अल्पसंख्यांच्या हक्कांविषयी एक निवेदन लिहिले, आणि १९५५ साली भाषावार प्रांतांवर एक पुस्तक लिहिले. त्या लिखाणात ते बहुमताचे दोन प्रकार सांगतात. एक राजकीय बहुमत आणि एक जातीचे बहुमत. राजकीय बहुमत तयार होते. ते विचारावर, कामावर, कार्यक्रमावर बनते. आज ते माझ्या बाजूस असेल, उद्या तुमच्या बाजूस जाईल. आज हरलेला माणूस उद्या चार माणसांची मने वळवून जिंकू शकतो. जातीचे बहुमत तसे नाही. ते जन्मतःच ठरलेले असते. त्यात बाहेरच्याला जाता येत नाही आणि आतल्याला बाहेर येता येत नाही. ते आज आहे, उद्या आहे, पन्नास वर्षांनी आहे.

आपल्या बोलीत सांगतो. समजा, एका गावी तीनशे उंबरठे आहेत. त्यांत एका जातीचे दोनशे, दुसरीचे साठ, आणि राहिलेले चाळीस म्हणजे दोन घरे सुताराची, तीन न्हाव्याची, चार परटाची, थोडी मातंगांची, थोडी बौद्धांची, थोडी मुसलमान बांधवांची. ह्या गावी जो तो आपल्याच जातीला मत देऊ लागला, तर निवडणूक कशाला हवी? निकाल तर शिरगणतीच्या दिवशीच लागला. सुताराचे पोर कितीही हुशार असो, हिशेबाला चोख असो, गावासाठी रात्रंदिवस खपो, ते जन्मभर हरलेलेच राहणार. कायदा त्याला सांगतो, तू आणि पाटील सारखे. गाव त्याला सांगते, तुझी घरे दोन. ज्या निवडणुकीत हरलेल्याला पुढच्या खेपेस जिंकण्याची आशाच नसते, ती निवडणूक नव्हे; ती जातीच्या मोजणीवर मारलेली सरकारी मोहोर होय.

आपल्या महाराष्ट्राविषयी बाबासाहेबांनी १९५५ साली हीच भीती बोलून दाखविली. एका भाषेचे एक मोठे राज्य केले, तर संख्येने मोठी असलेली जात गावोगाव राज्य करील आणि लहान जाती तिच्या दडपणाखाली जगतील, असे त्यांनी लिहिले, आणि महाराष्ट्राच्या बाबतीत मराठ्यांचे उदाहरण दिले. म्हणून मुंबई निराळी ठेवून उरलेल्या मराठी मुलुखाची पश्चिम, मध्य व पूर्व अशी तीन राज्ये करावी असे त्यांनी सुचविले. आपले वऱ्हाड त्या पूर्वेकडच्या राज्यात येत होते. पुढे १९५६ साली वऱ्हाड मुंबई राज्यास जोडले गेले आणि १ मे १९६० रोजी एकच महाराष्ट्र राज्य झाले. ते बरे झाले की वाईट, हा आजचा विषय नव्हे. मी एवढेच विचारतो की, त्यांनी दाखविलेला धोका खरा होता की खोटा? आपापल्या गावाकडे बघून ज्याने त्याने मनाशी उत्तर द्यावे.

येथे कोणी म्हणेल, "हे काय? आपली चळवळ तर ब्राह्मणेतरांची. आपण भटशाहीशी लढलो. आता तुम्ही आपल्यालाच आरोपी करता?" होय, बाबांनो, करतो, मी स्वतः कुणब्याच्या घरचा, म्हणून मला तो अधिकार आहे. जोतीराव फुल्यांनी २४ सप्टेंबर १८७३ रोजी सत्यशोधक समाज स्थापिला, तो काय भटाच्या जागी पाटलाला बसविण्यासाठी? देव आणि माणूस ह्यांच्यामध्ये दलाल नको, एवढे त्यांचे साधे सांगणे होते. आपल्याच बुलढाणा जिल्ह्यातील पंढरीनाथ पाटील ह्यांनी १९२७ साली जोतीरावांचे चरित्र लिहून ते बहुजनांच्या हाती दिले, तेही ह्याचसाठी. देवाच्या दारचा दलाल गेला आणि सरकारच्या दारी आपल्याच जातीचा दलाल उभा राहिला, तर जोतीरावांचे काम पुरे झाले असे कोण म्हणेल?

ह्या बाबतीत १९२७ सालची एक हकीकत सांगण्यासारखी आहे. महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह चालू होता. ब्राह्मणेतर पक्षाचे केशवराव जेधे व दिनकरराव जवळकर ह्यांनी पाठिंबा देऊ केला. पण अट अशी घातली की, सत्याग्रहात ब्राह्मण नसावेत. बाबासाहेबांना पाठिंब्याची केवढी गरज होती! तरी त्यांनी ती अट मानली नाही. आपले भांडण जन्माने ब्राह्मण असलेल्या माणसाशी नसून उच्चनीच मानणाऱ्या वृत्तीशी आहे, असे त्यांचे म्हणणे. त्याच वर्षी २५ डिसेंबरला महाडास मनुस्मृती जाळली, तेव्हा तो ठराव मांडणारे गंगाधर नीलकंठ सहस्रबुद्धे हे जातीने ब्राह्मण होते. आता विचार करा. उच्चनीच मानण्याची वृत्ती हाच आपला वैरी असेल, तर ती वृत्ती पाटलाच्या वाड्यात सापडली म्हणून तिला सोडून द्यावयाचे काय? माळ्याच्या ओट्यावर सापडली म्हणून पाठीशी घालावयाचे काय?

आणखी एक कडू गोष्ट. १९४४ साली मद्रासेस बोलताना बाबासाहेबांनी तेथील ब्राह्मणेतर पक्ष का बुडाला ह्याची चिकित्सा केली. त्या पक्षाने आपल्या थोड्या शिकलेल्या मुलांना सरकारी नोकऱ्या मिळवून दिल्या, आणि खेड्यात राहणाऱ्या, नांगर धरणाऱ्या आपल्याच अफाट जनतेला तो विसरला. तिच्यासाठी त्याच्यापाशी निश्चित असा कार्यक्रम नव्हता. ही चिकित्सा मद्रासेस केली, पण ती आपल्या येथेही जशीच्या तशी लागू पडते. आपल्या जातीचा माणूस खुर्चीवर बसला की आपले पोट भरले, असे आपण मानतो. पऱ्हाटीला भाव मिळाला का? सोयाबीनचे पैसे वेळेवर आले का? लोहाराच्या पोराला शाळा पुरी करता आली का? हे विचारणे राहून जाते, आणि "आपला माणूस आहे, सांभाळून घ्या" एवढेच शिल्लक राहते. जातीचे बहुमत असे बहुमतवाल्यांच्या ताटातलीसुद्धा भाकर पळविते. जो पुढारी जातीच्या जिवावर निवडून येतो, त्याला काम करून दाखविण्याची गरजच उरत नाही. बाकीच्या घरांचे नुकसान तो उघड करतो. आपल्या घरांचे गोड बोलून करतो, एवढाच फरक.

आता आपल्या मेहकरचेच पहा. २००९ च्या निवडणुकीपासून मेहकरचा विधानसभा मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव आहे. उमेदवार त्या समाजाचा, पण मत द्यावयाचे आपण सर्वांनी. ही रीत कोठून आली? २४ सप्टेंबर १९३२ च्या पुणे करारातून. त्यापूर्वी अस्पृश्यांनी आपले काही प्रतिनिधी आपणच निवडावे, अशी तरतूद जाहीर झाली होती. गांधीजींनी येरवड्याच्या तुरुंगात उपोषण मांडले, आणि बाबासाहेबांना ती तरतूद सोडावी लागली. जागा ७१ च्या १४८ झाल्या, पण त्या सर्वांच्या मतांवर अवलंबून राहिल्या. बाबासाहेबांचा पुढे जन्मभर आक्षेप राहिला की, अशा रीतीने जो निवडून येतो त्याला ज्यांच्यासाठी जागा राखली त्यांच्यापेक्षा ज्यांची मते जास्त त्यांचीच भीती अधिक वाटते. म्हणजे मेहकर तालुक्यातील कास्तकार बांधवांनो, ह्या जागेचा खरा भार आपल्या खांद्यावर आहे. सर्वांत दबलेल्या घराचे गाऱ्हाणे निर्भयपणे मांडील असा माणूस आपण निवडला, तर पुणे कराराची इभ्रत राहील. जो आपल्यापुढे मान वाकवील तोच बरा म्हणून निवडला, तर बाबासाहेबांचा आक्षेप आपणच खरा करून दाखविला असे होईल.

ह्यावर उपाय काय? २२ डिसेंबर १९५२ रोजी पुण्यास वकील मंडळींपुढे बाबासाहेबांनी लोकशाही यशस्वी होण्यास काय काय लागते ते क्रमाने सांगितले. लोकशाहीची त्यांची व्याख्याच मुळी निराळी. लोकांच्या सामाजिक व आर्थिक जिण्यात मूळापासून पालट व्हावा आणि तो रक्त न सांडता व्हावा, अशी राज्य चालविण्याची जी रीत, ती लोकशाही. म्हणजे जेथे जिण्यात पालट होत नाही, तेथे निवडणुका कितीही होवोत, लोकशाही नाही. मग त्यांनी अटी सांगितल्या: समाजात ढळढळीत विषमता नसावी, विरोधी पक्ष असावा, कायद्यापुढे आणि कारभारात सर्वांस सारखी वागणूक असावी, घटनेची नुसती अक्षरे नव्हे तर तिची नीती पाळली जावी, बहुसंख्यांनी अल्पसंख्यांवर जुलूम करू नये, समाजात नीतीची चाड असावी, आणि लोकांच्या मनात सदसद्विवेक जागा असावा. ह्यांतल्या तीन अटी मी गावाच्या भाषेत सांगतो.

पहिली, विरोधाची. इंग्लंडात विरोधी पक्षाच्या पुढाऱ्यास सरकारी तिजोरीतून पगार मिळतो, हा दाखला बाबासाहेबांनी त्या भाषणात दिला. आपल्या संसदेनेही १९७७ साली तसा कायदा केला. सरकारने आपल्याच चुका दाखविणाऱ्याला पगार द्यावा, हे कोठले शहाणपण? अहो, घरचा हिशेब तपासायला आपण दुसरा माणूस बसवितो ना, तसलेच हे शहाणपण. पण आपल्या गावी काय चालते? "आमची ग्रामपंचायत बिनविरोध" म्हणून फटाके वाजतात. मनापासून एकमत झाले असेल तर आनंद आहे. पण कित्येकदा बिनविरोध म्हणजे विरोध करणाऱ्याला चावडीवर बोलावून दम दिलेला असतो, नाही तर पैशाने गप्प केलेला असतो. जानेवारी २०२१ मध्ये नाशिक जिल्ह्यातील उमराणे आणि नंदुरबार जिल्ह्यातील खोंडामळी ह्या दोन ग्रामपंचायतींच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोगाने रद्द केल्या. कारण तेथे पदांचा उघड लिलाव पुकारला गेला होता. ज्या मतासाठी बापजाद्यांनी वाट पाहिली, ते बैलबाजारातल्या गोऱ्ह्यासारखे बोलीवर चढले!

मत विकणाऱ्याने एक साधा हिशेब करावा. समजा, पाचशे रुपये घेतले. पाच वर्षांचे दिवस झाले अठराशे पंचवीस. भागून पहा, दिवसाला सत्तावीस पैसे पडतात. सत्तावीस पैशांत आज चहाचा घोटही येत नाही, आणि आपण तेवढ्यात पाच वर्षांचा रस्ता, शाळा, दवाखाना आणि पाणी विकून बसतो.

दुसरी अट, घटनेच्या नीतीची. ज्या बाबासाहेबांनी घटनेचा मसुदा केला, तेच १९५२ साली मुंबईत लोकसभेच्या निवडणुकीत पडले, आणि १९५४ साली आपल्या विदर्भातच भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीत पुन्हा पडले. मुंबईच्या निकालाविरुद्ध त्यांनी दाद मागितली ती निवडणूक न्यायाधिकरणापुढे, कायद्याच्या दाराने. काठ्या घेऊन रस्त्यावर माणसे उतरविली नाहीत. आपल्याकडे ग्रामपंचायतीचा एक वॉर्ड हरला तर दोन भाऊबंदांत पिढ्यान् पिढ्या बोलाचाली बंद होते. हरलेल्याच्या वस्तीचा नळ आणि दिवा बंद होतो. मत कोणाला दिले म्हणून पाणी तोडणे, हा बहुसंख्यांचा जुलूमच होय, मग तो करणारा कोणत्याही पक्षाचा असो.

ह्याच नीतीत विभूतिपूजेचा निषेध येतो. १९४९ च्या त्या भाषणात बाबासाहेबांनी बजावले होते की, थोर माणसाविषयी कृतज्ञता ठेवा, पण आपले स्वातंत्र्य त्याच्या पायावर वाहू नका. धर्मात भक्ती आत्म्याचे कल्याण करीत असेल, राजकारणात ती हुकूमशाहीची वाट मोकळी करते. आज चौकाचौकांत कापडी फलक झळकतात. अमके साहेब, तमके भाऊ, अमके दादा. वाढदिवस त्यांचा, वर्गणी आपली! हा इशारा खुद्द बाबासाहेबांच्या अनुयायांनाही लागू आहे आणि जोतीरावांचे नाव घेणाऱ्या आपल्यालाही. त्यांच्या तसबिरीला हार घालून त्यांचे पुस्तक बंद ठेवणे, हीसुद्धा विभूतिपूजाच.

तिसरी अट घरातली. विषमता नसावी असे चावडीवर बोलावयाचे आणि घरात बाईने तोंड उघडू नये असे म्हणावयाचे, हे जमणार नाही. १९५१ साली बाबासाहेबांनी कायदेमंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्याचे एक मोठे कारण स्त्रियांना वारसा व घटस्फोट इत्यादी हक्क देणारे हिंदू कोड बिल रखडले हे होते. आज महाराष्ट्रात २०११ पासून पंचायतींच्या निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत. पण सही बाईची आणि कारभार नवऱ्याचा, खुर्चीवर बाई आणि शब्द दिराचा, असे गावोगाव दिसते. पहिल्या निवडणुकीत नाव न सांगणारी बाई होती. आज नाव यादीत आहे, फलकावरही आहे, पण आवाज अजून घरातच अडला आहे. तो अडविणारे इंग्रज नाहीत, भटजी नाहीत. आपणच आहो.

मंडळी, आता करावयाचे काय ते चार शब्दांत सांगतो, कारण नुसत्या व्याख्यानाने वावर ओले होत नाही.

ग्रामसभा चुकवू नका. कायद्याने ती वर्षातून अनेक वेळा घ्यावीच लागते. रजिस्टर घरोघर फिरवून सह्या घेऊ लागले, तर सही करू नका. सभा भरवा म्हणा. सभेत पहिला बोलण्याचा मान गावातल्या सर्वांत कमी घरांच्या वस्तीला द्या. मोठ्या जातीचा आवाज शेवटीही ऐकू येतो. लहानाचा आधी ऐकला नाही तर ऐकूच येत नाही. सोसायटी, बाजार समिती, शाळा व्यवस्थापन समिती, जेथे जेथे माणसे निवडावयाची तेथे कारागिरांच्या एखाद्या घरास आपण होऊन पुढे आणा. मत मागावयास येणाऱ्यास त्याची जात विचारू नका, मागच्या पाच वर्षांचा हिशेब विचारा. आणि आपल्या जातीचा माणूस नालायक असेल, तर दुसऱ्या जातीच्या लायक माणसास मत देऊन दाखवा. ज्या दिवशी दोनशे घरांची जात दोन घरांच्या सुताराला त्याच्या कामावर सरपंच करील, त्या दिवशी त्या गावी जन्माचे बहुमत मोडले आणि मताचे बहुमत जन्माला आले असे समजावे.

"हे कसे व्हावयाचे?" असे कोणी म्हणेल. शंभरात तिघांना मत होते, तेव्हा सर्वांस मत मिळेल असे म्हणणाऱ्यालाही लोक हसतच होते. एक पिढी गेली आणि सतरा कोटी लोकांची नावे मतदारांच्या यादीत चढली. कायदा बदलण्याचे ते काम मोठ्या माणसांनी केले. हे दुसरे काम मोठ्या माणसांच्या हातचे नाही. ते दिल्लीत होत नाही, मुंबईत होत नाही. ते आपल्या ओट्यावर, आपल्या चावडीत आणि आपल्या चुलीपाशी होते. तिफण आपल्याच हातात आहे. तुंबलेली नळी मोकळी करावयाची की रिकाम्या तासांकडे पाहून पावसाला दोष द्यावयाचा, हे आपणच ठरवावयाचे आहे.